लेडी ऱ्होंदा: पदवी मिळाली, खुर्ची नाही (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

मार्गारेट हेग थॉमस, म्हणजेच लेडी ऱ्होंदा (१८८३–१९५८), यांच्याविषयी वाचकांकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. बहुतेकांना त्यांची ओळख लुसिटानिया बोटीच्या गोष्टीतून होते. काहींना त्या 'पोस्टाची पेटी जाळणारी बाई' म्हणून माहीत असतात. माझ्या लेखी त्यांच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी गोष्ट १९२२ सालचा दावा आहे: हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, म्हणजे ब्रिटिश संसदेच्या वरच्या सभागृहात, बसू देण्याची मागणी. म्हणून प्रश्न ९ चं उत्तर लांबलं आहे. पदव्यांच्या नियमांबद्दल काही माहीत नसेल तर प्रश्न ३ आणि ४ आधी वाचा, म्हणजे पुढचं सोपं जाईल.

१. लेडी ऱ्होंदा नेमक्या कोण होत्या?

डेव्हिड आल्फ्रेड थॉमस हे वेल्समधले कोळसा खाणींचे मोठे मालक आणि लिबरल पक्षाचे खासदार. मार्गारेट ही त्यांची एकुलती एक मुलगी. जन्म १२ जून १८८३ रोजी लंडनमध्ये झाला, बालपण दक्षिण वेल्समधल्या न्यूपोर्टजवळ लॅनवर्नच्या वाड्यात गेलं. शाळा आधी लंडनला आणि मग स्कॉटलंडमधल्या सेंट अँड्र्यूजला. ऑक्सफर्डच्या समरव्हिल कॉलेजात नाव घातलं, पण तिथे मन रमलं नाही आणि थोड्याच काळात त्या परतल्या. १९०८ मध्ये लग्न झालं आणि त्याच वर्षी त्या स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीत शिरल्या. जुलै १९१८ मध्ये वडील वारले आणि त्यांची पदवी मार्गारेटकडे आली. तेव्हापासून अखेरपर्यंत त्या व्हायकाउंटेस (व्हायकाउंट या उमराव पदवीचं स्त्रीरूप) ऱ्होंदा होत्या. या काळात त्यांनी कंपन्या चालवल्या, एक साप्ताहिक काढलं आणि हाउस ऑफ लॉर्ड्सशी भांडण मांडलं.

२. 'ऱ्होंडा' की 'ऱ्होंदा'? आणि हे त्यांचं आडनाव आहे का?

ऱ्होंदा. वेल्श भाषेत तिथला जोड-डी आपल्या 'द'च्या जवळ जातो, आणि सुरुवातीचा आवाज 'ऱ्हस्व'मधल्या 'ऱ्ह'सारखा आहे. मराठी वाचकाला हे नाव इंग्रज माणसापेक्षा सहज म्हणता यावं. ते आडनाव मात्र नाही. ऱ्होंदा हे दक्षिण वेल्समधल्या एका खोऱ्याचं नाव आहे. तिथे थॉमस यांच्या खाणी होत्या, म्हणून पदवी घेताना त्यांनी ते नाव निवडलं. मार्गारेटचं माहेरचं आडनाव थॉमस, सासरचं मॅकवर्थ, आणि 'हेग' हे आईच्या माहेरचं.

३. लॉर्डची बायको 'लेडी' असतेच. मग 'स्वतःच्या हक्कानं' पदवी असण्यात वेगळं ते काय?

सगळा विषय या एका फरकावर उभा आहे. ब्रिटनमधल्या बहुतेक लेडींचं उमरावपद नवऱ्याचं असतं. सनद, म्हणजे राजानं पदवी दिल्याचा लेख, त्याच्या नावाची असते, बायकोला मान त्याच्यामुळे मिळतो. स्वतःच्या हक्कानं उमराव असलेल्या बाईच्या बाबतीत सनदेतून आलेली पदवी तिचीच असते. तिला ती वारशानं मिळते, नवरा असो वा नसो. कायद्याच्या लॅटिनमध्ये याला 'सुओ जुरे' म्हणतात.

ऱ्होंदा घराण्यात हा फरक एकाच वेळी डोळ्यांसमोर होता. १९१८ नंतर दोन व्हायकाउंटेस ऱ्होंदा हयात होत्या. एक मार्गारेटची आई सिबिल, म्हणजे पहिल्या व्हायकाउंटची विधवा. त्यांचा मान लग्नातून आलेला. दुसरी मार्गारेट, जिच्याकडे खुद्द पदवी होती. बोलताना दोघींनाही 'लेडी ऱ्होंदा'च म्हणत, म्हणून आईच्या पदवीआधी 'थोरल्या' या अर्थाचा 'डावेजर' शब्द लावत. (सिबिलबाई स्वतःही मताधिकारासाठी लढल्या, त्यांच्याबद्दल प्रश्न ७ मध्ये.)

४. इंग्लंडात पदवी मुलालाच जाते ना? मग मुलीला कशी मिळाली?

बहुतेक सनदांमध्ये 'औरस पुरुष वारस' एवढेच शब्द असतात. मुलगा नसला तर पुतण्या किंवा चुलत घराण्यातला पुरुष, तेही पहिल्या उमरावाच्याच वंशातला. तसा कुणी नसला तर पदवी संपते. पण सनद देताना राजा तिच्यात खास कलम घालू शकतो: मुलगा नसेल तर मुलीकडे जावी. थॉमस यांच्यासाठी हेच केलं गेलं.

त्यामागे युद्धातली कामगिरी होती. जून १९१७ मध्ये ते अन्ननियंत्रक झाले. जर्मन पाणबुड्या धान्याची जहाजं बुडवत होत्या, दुकानांपुढे रांगा लागत होत्या. ब्रिटनमधलं रेशनिंग त्यांच्याच हाताखाली बसवलं गेलं. या कामानं तब्येत पार ढासळली. जून १९१८ मध्ये त्यांना व्हायकाउंट केलं गेलं, मुलीसाठीच्या खास कलमासह. ३ जुलैला ते गेले. मधे जेमतेम दोन आठवडे.

एक बारकावा बऱ्याच जणांच्या नजरेतून सुटतो. थॉमस यांना १९१६ मध्ये आधी व्हायकाउंटच्या खालचं बॅरनपद मिळालं होतं, आणि त्या सनदेत मुलीचा उल्लेख नव्हता. त्यामुळे ३ जुलै १९१८ ला त्यांचं बॅरनपद कायमचं संपलं आणि व्हायकाउंटपद मार्गारेटकडे आलं. एकाच माणसाच्या दोन पदव्या, दोन सनदा, दोन वेगळे शेवट.

याखेरीज काही जुनी इंग्लिश बॅरनपदं सनदेनं नव्हे तर राजाच्या बोलावण्यावरून निर्माण झालेली आहेत. ती मुलींकडे जाऊ शकतात. पण मुली दोन किंवा जास्त असतील तर सगळ्यांचा हक्क समान धरतात आणि एकच वारस उरेपर्यंत, किंवा राजा कुणा एकीच्या बाजूनं निर्णय देईपर्यंत, पदवी अधांतरी राहते. स्कॉटलंडमधल्या अनेक जुन्या पदव्याही मुलींना मिळत आल्या आहेत.

५. भारताच्या इतिहासात भेटणाऱ्या कुणाच्या मुलींना अशी पदवी मिळाली का?

मिळाली, आणि नावं ओळखीची आहेत. कानपूरला जन्मलेले आणि भारतातले सरसेनापती झालेले फील्डमार्शल रॉबर्ट्स यांचं अर्लपद १९१४ मध्ये एका मुलीकडे आणि पुढे तिच्यामागून दुसरीकडे गेलं. शेवटचे व्हाइसरॉय माउंटबॅटन यांना दोन मुलीच होत्या. १९७९ मध्ये त्यांची हत्या झाल्यावर थोरली पॅट्रिशिया स्वतःच्या हक्कानं काउंटेस माउंटबॅटन ऑफ बर्मा झाली. २०१७ मध्ये ती वारली आणि पदवी मुलाकडे गेली.

तिसरं नाव मला सगळ्यात बोलकं वाटतं: लॉर्ड कर्झन. बंगालच्या फाळणीमुळे आपल्याला माहीत असलेले हे गृहस्थ पुढे इंग्लंडमध्ये स्त्रियांच्या मताधिकाराला विरोध करणाऱ्या संघटनेचे अध्यक्ष होते. पण त्यांनाही तीन मुलीच. १९११ मध्ये त्यांना मिळालेल्या रेव्हन्सडेल या बॅरनपदाच्या सनदेत मुलींसाठी कलम होतं, आणि १९२५ मध्ये थोरली आयरीन बॅरनेस झाली. सार्वजनिक जीवनात बायकांना मत नको म्हणणाऱ्या बापानं घरच्या पदवीपुरती मुलीची सोय करून ठेवली होती. आयरीनचं पुढे काय झालं ते प्रश्न १५ मध्ये येईल.

६. मग त्यांच्या नवऱ्याला 'व्हायकाउंट' म्हणत का? आणि घटस्फोटानंतर पदवी राहिली कशी?

नाही म्हणत. नवऱ्याची पदवी बायकोला चिकटते, बायकोची नवऱ्याला नाही. हम्फ्री मॅकवर्थ हे शेजारच्याच घराण्यातले, मार्गारेटपेक्षा बारा वर्षांनी मोठे, शिकारीचे शौकीन आणि राजकारणात परंपरावादी. १९१४ मध्ये ते बॅरोनेट (उमरावांच्या खालची वंशपरंपरागत पदवी) झाले तेव्हा मार्गारेट 'लेडी मॅकवर्थ' झाल्या. तो मान नवऱ्याचा. १९१८ मध्ये मिळालेला मान वडिलांच्या सनदेतून आलेला. त्यामुळे १९२० नंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत हे लग्न मोडलं तरी पदवीला धक्का लागला नाही. त्यांनी पुन्हा लग्न केलं नाही. पुढे आधी हेलन आर्चडेल आणि नंतर दीर्घकाळ थिओडोरा बोसॅन्क्वेट या मैत्रिणींबरोबर त्यांनी संसार थाटला.

७. पोस्टाच्या पेटीला त्यांनी खरंच आग लावली होती का?

हो, आणि ते कधी लपवलं नाही. जून १९१३ मध्ये न्यूपोर्टच्या रिस्का रोडवरच्या लाल पेटीत त्यांनी रसायनाच्या नळ्या टाकल्या. तेव्हा त्या स्त्रियांच्या मताधिकारासाठी लढणाऱ्या पँकहर्स्ट बाईंच्या लढाऊ संघटनेच्या न्यूपोर्ट शाखेच्या चिटणीस होत्या. खटला चालला, दंड झाला. दंड भरायला नकार दिला म्हणून अस्कच्या तुरुंगात टाकलं. तिथे त्यांनी अन्न सोडलं आणि पाच दिवसांत सुटका झाली. त्याच वर्षी झालेल्या कायद्यानुसार उपोषण करणाऱ्या कैद्याला अशक्तपणा आला की सोडायचं आणि बरं वाटलं की पुन्हा पकडायचं, अशी रीत होती. लोक त्याला 'मांजर-उंदराचा कायदा' म्हणत.

आई सिबिलही मागे नव्हत्या. १९१४ मध्ये संसदेबाहेर सभा घेतली म्हणून त्यांनी एक दिवसाची कैद भोगली. वडिलांचाही मुलीला पाठिंबा होता. या घराकडे पाहिलं की मार्गारेटना पुढे 'नाही' हे उत्तर का पचलं नाही ते समजतं. त्यांना घरात ते फारसं ऐकावंच लागलं नव्हतं.

८. लुसिटानिया बुडाली तेव्हा त्या बोटीवर होत्या, ही गोष्ट खरी आहे का?

खरी आहे. अमेरिकेतलं काम आटोपून त्या वडिलांबरोबर परतत होत्या. ७ मे १९१५ च्या दुपारी आयर्लंडच्या दक्षिण किनाऱ्याजवळ जर्मन पाणबुडीचा टॉर्पेडो बोटीला लागला. अठरा मिनिटांत बोट तळाला गेली. जवळजवळ बाराशे माणसं मेली.

वडील आणि मुलगी वेगवेगळ्या ठिकाणी होती. वडिलांना जीवरक्षक होडी मिळाली. मार्गारेट बोटीबरोबर पाण्यात ओढल्या गेल्या, जीवरक्षक पट्ट्यामुळे वर आल्या, एक फळी हाताशी लागली. थंडगार पाण्यात सुमारे तीन तास त्या तरंगत होत्या आणि शेवटी शुद्ध हरपली. ब्लूबेल नावाच्या छोट्या बोटीनं त्यांना उचललं तेव्हा मेलेली समजून डेकवर टाकलं होतं. कुणाला तरी धुगधुगी जाणवली म्हणून वाचल्या. रात्री क्वीन्सटाउनच्या धक्क्यावर बापलेकीची भेट झाली.

पुढे आत्मचरित्रात त्यांनी या प्रसंगाबद्दल लिहिलं. लहानपणापासून मनात असलेली मरणाची आणि पाण्याची भीती त्या दिवशी गेली, असं त्या सांगतात. मला वाटतं, सात वर्षांनी लॉर्ड चान्सलरसमोर, म्हणजे न्यायव्यवस्थेच्या प्रमुख मंत्र्यासमोर, ताठ उभं राहायला हे बळ उपयोगी पडलं असणार.

९. पदवी मिळाली, मग हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये बसू का दिलं नाही?

त्या काळात वंशपरंपरागत उमरावाला पदवीबरोबर संसदेच्या वरच्या सभागृहात बसायचा हक्क मिळत असे. सज्ञान झाला की राजाकडून बोलावणं येई, शपथ घेऊन तो खुर्चीवर बसे. बाई उमराव झाली तर तिला पदवी, मान, मिरवणुकीतली जागा सगळं मिळे. बोलावणं मात्र येत नसे.

१९१९ च्या अखेरीस एक कायदा झाला: लिंग किंवा विवाह या कारणावरून कुणालाही कोणतंही सार्वजनिक कर्तव्य बजावण्यास अपात्र ठरवता येणार नाही. लेडी ऱ्होंदांनी या वाक्यावर बोट ठेवलं. कायदे करणाऱ्या सभागृहात बसणं हे सार्वजनिक कर्तव्य नाही तर काय आहे? त्यांनी राजाकडे अर्ज केला आणि तो लॉर्ड्सच्या विशेषाधिकार समितीपुढे आला.

मार्च १९२२ मध्ये समितीनं सात विरुद्ध एक मतानं त्यांच्या बाजूनं कौल दिला. वर्तमानपत्रांत बातम्या झळकल्या, अभिनंदनाची पत्रं आली. आणि मग तोंडाशी आलेला घास काढून घेतला गेला. लॉर्ड चान्सलर बर्कनहेड यांनी अहवाल स्वीकारू दिला नाही. प्रकरण परत पाठवलं, समिती मोठी केली, स्वतः तिच्यात बसले. १९ मे १९२२ ला मोठ्या बहुमतानं दावा फेटाळला गेला. लेडी ऱ्होंदांच्या बाजूनं फक्त चार मतं पडली. त्यात लॉर्ड हॉल्डेन होते, स्वतः माजी लॉर्ड चान्सलर.

बहुमताचं म्हणणं थोडक्यात असं. कायद्यानं 'अपात्रता' काढली, पण अपात्रता काढून नवा हक्क जन्माला येत नाही. बाईला सनदेनं मान दिला, सभागृहातली जागा तिची कधी नव्हतीच, मग काढायचं काय? शिवाय एवढा मोठा घटनात्मक बदल संसदेला करायचा असता तर तो मोघम शब्दांत केला नसता, तसं उघड लिहिलं असतं. या दुसऱ्या मुद्द्याला थोडा आधार होता. १९१९ मध्येच मजूर पक्षाच्या एका विधेयकात स्त्री उमरावांना जागा देण्याचं कलम स्पष्टपणे होतं, आणि सरकारनं ते विधेयक बाजूला सारून आपलं वेगळं आणलं होतं. हॉल्डेन यांचं मत उलट होतं: शब्द एवढे व्यापक आहेत, तर ते जे म्हणतात तसेच वाचा.

मी हा निकाल जेवढ्या वेळा वाचते तेवढ्या वेळा पहिल्या युक्तिवादापाशी अडखळते. 'तुला हक्क नाकारलेला नाही, तुझा तो कधी नव्हताच' हे वाक्य वारसाहक्क मागणाऱ्या किती लेकीबाळींनी ऐकलं असेल. कायद्याची भाषा बदलते, वाक्य तेच राहतं.

बर्कनहेड हे नाव ओळखीचं वाटत असेल, तर हो, तेच. पुढे १९२७ मध्ये भारतमंत्री म्हणून एकही भारतीय सदस्य नसलेलं सायमन कमिशन नेमणारे बर्कनहेड हेच.

१०. मग १९१९ च्या त्या कायद्याचा काहीच उपयोग झाला नाही का?

लॉर्ड्सच्या दारात तो अडला, पण इतरत्र दारं उघडली. स्त्रिया न्यायाधीशाच्या पीठावर बसू लागल्या, ज्युरीत आल्या, वकील झाल्या. मराठी वाचकाला यातला एक धागा जवळचा वाटावा. मिठन टाटा १९१९ मध्ये आई हेराबाईंबरोबर लंडनला गेल्या होत्या, भारतीय स्त्रियांना मताधिकार मिळावा म्हणून साक्ष द्यायला. पुढे त्या तिथेच कायदा शिकल्या, १९२३ मध्ये लिंकन्स इन या लंडनच्या वकिलांच्या संस्थेतून बॅरिस्टर झाल्या आणि मुंबई उच्च न्यायालयात उभ्या राहिल्या. मिठन लाम या नावानं १९४७ मध्ये त्या मुंबईच्या शेरीफ होत्या. लंडनमध्ये त्यांना बॅरिस्टरीचं दार ज्या कायद्यानं उघडलं, तोच कायदा लेडी ऱ्होंदांना एक खुर्ची देऊ शकला नाही.

नाशिकला जन्मलेल्या आणि पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकलेल्या कॉर्नेलिया सोराबजी यांनी १८९२ मध्ये समरव्हिलमधून कायद्याची परीक्षा दिली होती. ऑक्सफर्डनं त्यांना पदवी दिली ती १९२२ मध्ये, लेडी ऱ्होंदांचा दावा फेटाळला गेला त्याच वर्षी.

११. लॉर्डना निवडणुकीत मत देता येत नसे. मग लेडी ऱ्होंदांना मत होतं का?

होतं, आणि हा अपवाद फार थोड्यांना माहीत आहे. पुरुष उमराव वरच्या सभागृहात बसतो म्हणून खालच्या सभागृहासाठी तो मत देऊ शकत नसे. १९१८ च्या मताधिकार कायद्यात लिहिलं होतं की ही बंदी स्वतःच्या हक्कानं उमराव असलेल्या स्त्रियांना लागू नाही. त्या वेळी तीस वर्षांवरच्या, ठरावीक अटी पुऱ्या करणाऱ्या स्त्रियांनाच मत मिळालं होतं. मार्गारेट पस्तिशीच्या होत्या. म्हणजे सामान्य मतदार म्हणून त्या चालत होत्या, उमराव म्हणून नाही. १९६३ नंतर हे उलटलं (प्रश्न १५ पाहा).

१२. त्यांच्याकडे पैसा होता, कंपन्या होत्या. एका खुर्चीसाठी एवढं भांडायची गरज काय होती?

हा प्रश्न बऱ्याचदा थोड्या रागानं विचारला जातो. राग मला समजतो. त्या खाणमालकाच्या लेक होत्या. १९१० मध्ये थॉमस यांच्याच केंब्रियन कंपन्यांच्या खाणींत नव्या थरातल्या कोळशाच्या दरावरून वाद पेटला. सुमारे बारा हजार कामगार संपावर गेले, टोनीपँडीत पोलिसांशी चकमकी झाल्या, सैन्य आलं. जवळजवळ वर्षभर उपाशी राहून कामगार हात हलवत परतले. लेडी ऱ्होंदांच्या श्रीमंतीला हा कोळसा चिकटलेला आहे, आणि त्यांच्यावर लिहिताना तो पुसून टाकू नये.

पण प्रश्नातच उत्तर दडलेलं आहे. वडिलांकडून त्यांना अठ्ठावीस कंपन्यांची संचालकपदं मिळाली. आयुष्यात एकूण तेहतीस कंपन्यांच्या संचालक मंडळांवर त्या बसल्या. १९२६ मध्ये ब्रिटनमधल्या संचालकांच्या संस्थेच्या त्या पहिल्या स्त्री अध्यक्ष झाल्या. कोळसा, पोलाद, जहाजं, वर्तमानपत्रं या सगळ्यांच्या टेबलाशी त्यांची खुर्ची होती. वडिलांच्या वारशातली प्रत्येक गोष्ट त्यांच्याकडे आली आणि त्यांनी ती चालवून दाखवली. आली नाही ती एकच, जिथे कायदे होतात ती खुर्ची. न देण्याचं कारणही कुवत नव्हतं, ती बाई आहे एवढंच होतं. जन्मानं उमराव होणं मुळात न्याय्य आहे का, हा प्रश्न वेगळा आणि योग्यच आहे. पण तो त्या दिवशी समितीपुढे नव्हता. समितीपुढे एवढंच होतं की ज्या सभागृहात जन्मानंच प्रवेश आहे तिथे लेकीचा जन्म मोजायचा की नाही.

१३. 'टाइम अँड टाइड' आणि 'सिक्स पॉइंट ग्रुप' काय होतं?

'टाइम अँड टाइड' हे मे १९२० मध्ये त्यांनी काढलेलं साप्ताहिक. सुरुवातीचं संचालक मंडळ पूर्ण स्त्रियांचं होतं. बायकांसाठीच्या मासिकांत शिवणटिपण आणि स्वयंपाक असायचा, तेव्हा या अंकात संसद, परराष्ट्र धोरण आणि पुस्तकं असत. १९२६ पासून संपादकाची खुर्ची त्यांनी स्वतः घेतली आणि मरेपर्यंत सोडली नाही. व्हर्जिनिया वुल्फ, बर्नार्ड शॉ, जॉर्ज ऑर्वेल यांनी तिथे लिहिलं. अंक तोट्यात चाले. तो तोटा त्या खिशातून भरत राहिल्या आणि संपत्तीचा मोठा भाग त्यात गेला. सुरुवातीला डावीकडे झुकलेलं हे पत्र पुढे उजवीकडे सरकलं.

'सिक्स पॉइंट ग्रुप' १९२१ चा. नावाप्रमाणे सहा मागण्या: बालकांवरच्या अत्याचाराविरुद्ध ठोस कायदा, विधवा मातेला संरक्षण, अविवाहित माता आणि तिच्या मुलाला संरक्षण, मुलांच्या पालकत्वात आईबापांना समान हक्क, शिक्षक-शिक्षिकांना समान पगार, सरकारी नोकरीत समान संधी. मला या यादीचा नेमकेपणा आवडतो. 'स्त्रीची उन्नती' असा ढोबळ शब्द तिच्यात कुठेही नाही. प्रत्येक मागणी अशी की कायदा झाला की खूण करून पुढे जावं.

१४. मूल नव्हतं, तर दत्तक घेऊन पदवी चालवता आली नसती का?

नाही. हा प्रश्न मराठी वाचकच जास्त विचारतात, आणि ते साहजिक आहे. दत्तक वारस आपल्याकडे गादी चालवत आला. १८४८ मध्ये दत्तक नामंजूर करून कंपनीनं सातारा घेतलं, ते आपण शाळेत शिकलो. ब्रिटनच्या उमरावपदात दत्तकाला वारसा मिळतच नाही. तिथे औरस संततीच लागते, आणि हा नियम आजही आहे. लेडी ऱ्होंदांना मूल नव्हतं. सनदेतलं खास कलमही त्यांच्या पलीकडे त्यांच्या मुलग्यांपुरतंच जाऊ शकलं असतं. २० जुलै १९५८ ला लंडनमध्ये त्या वारल्या आणि ऱ्होंदा हे व्हायकाउंटपद त्यांच्याबरोबर संपलं.

१५. शेवटी स्त्रियांना लॉर्ड्समध्ये जागा मिळाली तरी कधी? लेडी ऱ्होंदांना ते पाहायला मिळालं का?

अर्धंच. १९२२ नंतर लॉर्ड ॲस्टर यांनी वर्षामागून वर्ष विधेयकं आणली. १९२५ मध्ये तर ते अवघ्या दोन मतांनी फेटाळलं गेलं. एप्रिल १९५८ मध्ये तहहयात उमरावपदाचा कायदा झाला, ज्यात स्त्रियांना पुरुषांच्या बरोबरीनं जागा होती. लेडी ऱ्होंदा तेव्हा आजारी होत्या. कायदा झालेला त्यांनी पाहिला. ऑक्टोबरमध्ये पहिल्या स्त्रिया प्रत्यक्ष सभागृहात बसल्या, तेव्हा त्यांना जाऊन तीन महिने झाले होते.

त्या पहिल्या चौघींत आयरीन होती, कर्झनांची थोरली लेक. १९२५ पासून वंशपरंपरागत बॅरनेस असूनही तिला बाहेर ठेवलं होतं. तहहयात पदवी वेगळी देऊन आत घेतलं. म्हणजे वडिलांची सनद चालली नाही, स्वतःच्या कामाची चालली.

वंशपरंपरागत स्त्री उमरावांसाठी दार उघडलं ते १९६३ च्या कायद्यानं. लेडी ऱ्होंदांनी मागितलं होतं ते नेमकं हेच, एक्केचाळीस वर्षं उशिरा. त्याबरोबर पुरुष उमरावांवरचे निर्बंधही या स्त्रियांना लागू झाले, म्हणजे खालच्या सभागृहासाठी मत गेलं. १९९९ मध्ये बहुतेक वंशपरंपरागत उमरावांना बाहेर काढून ९२ जणांना ठेवलं, त्यांत स्त्रिया पाच. त्यातली शेवटची, काउंटेस ऑफ मार, २०२० मध्ये निवृत्त झाली. बहुतेक सनदांत 'पुरुष वारस' हेच शब्द असल्यानं (प्रश्न ४) तिच्या जागी दुसरी बाई आली नाही.

१६. न्यूपोर्टला गेलो तर त्यांची काही खूण पाहता येईल का?

येईल. लॅनवर्नचा वाडा आता उभा नाही, पण तिथल्या चर्चच्या आवारात त्यांची रक्षा आहे. सप्टेंबर २०२४ मध्ये न्यूपोर्ट शहरात अस्क नदीकाठी त्यांचा ब्राँझचा पुतळा बसवला गेला. आणि रिस्का रोडवर ती लाल पोस्टाची पेटी आहे. शेजारी त्यांच्या नावाची निळी पाटी आहे. पेटी वापरात आहे, पत्र टाकता येतं.